आडनावासकट

(रंगमंचावर खुर्ची. खुर्चीवर ट्रे, ट्रेमध्ये पोह्यांच्या डिश. नवी साडी सांभाळत ती येते.)

टाळ्या नकोत! आत पाहुणे बसलेत, त्यांना ऐकू जाईल.

आत्यानं आणलेलं स्थळ. मुलगा हिंजवडीला, कंपनीत. आमच्या सांगलीला हे नवीन नाही हं. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी इथं नाटक उभं केलं, ते कुठलं? ‘सीतास्वयंवर’! म्हणजे मराठी रंगभूमीचा नारळच बघण्याच्या कार्यक्रमानं फुटला. आणि स्वयंवर आपलं नावाला. धनुष्याची अट कुणाची? जनकाची! आमच्या जनकानं फक्त धनुष्याच्या जागी पॅकेज ठेवलंय.

माझा मन्या मार्केट यार्डात. हळदीच्या अडतीवर हिशेब बघतो. आण्णा रोज म्हणतात, “यंदा पोरीचे हात पिवळे करायचे.” अहो, मन्याचे बारा महिने पिवळेच असतात!

एकदा धीर करून त्याचं नाव काढलं. आयर्विन पुलापाशी कृष्णेची इशारा पातळी ४० फूट, धोक्याची ४५. आण्णा थेट २०१९ च्या पुराला टेकले! आईनं एवढंच विचारलं, “आडनाव काय?” सांगितलं. तिनं गॅस बारीक केला. पुढं काही विचारलंच नाही.

मन्या म्हणतो, रजिस्टर करू. १९५४ चा कायदा आहे, ३० दिवस आधी नोटीस. सांगलीत ३० दिवस? आमच्या आत्याला अर्धा तास पुरतो!

(आत डोकावून, हळू आवाजात) आणि खरा घोळ पुढंच आहे. हा हिंजवडीचा चांगला निघाला हो! वाईट असता तर किती सोपं झालं असतं. गच्चीवर बोलायला पाठवलं. मला वाटलं, आता स्वयंपाकाचं विचारणार. तर म्हणाला, “तुम्हाला खरंच हे लग्न करायचंय का?” चार वर्षांत मन्यानं मला एकच प्रश्न विचारलाय. ‘जेवलीस का?’

(मोबाइल थरथरतो.) हं, बोल मन्या. नाही जेवले! ऐक. रविवारी सकाळी दहाला यायचं. पुलावर नाही, घरी. आण्णांच्या समोर बसायचं, पोहे खायचे आणि नाव सांगायचं. पूर्ण. आडनावासकट. नाही आलास, तर गच्चीवरच्या प्रश्नाचं उत्तर अजून द्यायचं राहिलंय माझं.

(फोन ठेवते. प्रेक्षकांकडे बघत) तुमच्यात आत्याच्या ओळखीचं कुणीतरी असणारच, सांगली आहे ही. हात जोडते, रविवारपर्यंत तेवढं पोटात ठेवा.

(ट्रे उचलून आत जाते.)