दानपेटीची दोन कुलपे

देवस्थानच्या विश्वस्तांत फूट पडली, की पहिली आरती पोलीस ठाण्यात होते. कायद्याने हा वाद महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, 1950 खाली धर्मादाय आयुक्तांचा. खरा विश्वस्त कोण, हे कलम 22 च्या चेंज रिपोर्टवर, म्हणजे विश्वस्त बदलल्याच्या अहवालावर, ठरते; तो निकाल लागेपर्यंत विश्वस्तांची पिढीही पालटू शकते. तोवर दानपेटीला दोन कुलपे: एक जुन्या मंडळाचे, एक नव्याचे. ठाणे अंमलदार दोघांचीही अदखलपात्र नोंद घेतो, ‘दिवाणी बाब, कोर्टात दाद मागावी’ अशी समज देतो आणि शांतता राखण्याची नोटीस दोघांच्याही हातात ठेवतो. यात्रा तोंडावर आली, की हीच दिवाणी बाब बंदोबस्ताची होते. पालखीचा मान कोणाचा, हे शांतता समितीच्या बैठकीत चहाबरोबर मिटते. शाल-नारळ मात्र दोन्ही गट ठाण्याच्या साहेबांनाच देतात. खर्च दोन वेगळ्या कीर्दींत पडतो.