कळसूबाईच्या अटी

डोंगरांना नावं देणारी माणसं बहुधा डोंगर चढणारी नसतात. हिमालयातल्या सर्वोच्च शिखराचंच बघा. उंचीची आकडेमोड केली राधानाथ सिकदारांनी आणि १८६५ साली नाव लागलं ते निवृत्त सर्व्हेअर जनरल जॉर्ज एव्हरेस्ट यांचं. बरं, खुद्द साहेबांचा याला विरोध होता. इथल्या लोकांना आपलं नाव उच्चारता येणार नाही, असं त्यांचं म्हणणं. पण साहेबाची पाटी लावायचीच ठरली की साहेबाचंही कोणी ऐकत नाही! पलीकडे काराकोरम रांगेत सर्वेक्षणाच्या वहीतली खूणच शिखराला कायमची चिकटली. उंची ८,६११ मीटर आणि नाव के-टू, एसटीच्या फलाटासारखं. अलास्कातल्या देनालीला अमेरिकेने मॅकिन्ली या राष्ट्राध्यक्षांचं नाव दिलं, २०१५ साली काढलं आणि २०२५ साली पुन्हा दिलं. पाटी रंगवणाऱ्याची सोय झाली, एवढंच.

भंडारदऱ्यालाही साहेबांनी सोडलेलं नाही. प्रवरेवरचं धरण १९२६ साली पुरं झालं, त्याला मुंबईचे तेव्हाचे गव्हर्नर विल्सन यांचं नाव मिळालं. जलाशयाच्या वाट्याला आर्थर आले. पण त्याच पाण्याच्या काठावरून उत्तरेकडे मान वर केली की महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर दिसतं, १,६४६ मीटरचं. तिथवर काही कोणा गव्हर्नराची पाटी पोचली नाही. तिथे राहते कळसू.

कळसू पाटलाच्या घरी कामाला होती, असं सांगतात. राहिली तीच मुळी अटी घालून : केर काढणार नाही, भांडी घासणार नाही; बाकी सांगाल ते करीन. एक दिवस पाटलाने नेमकं तेच काम सांगितलं. तिने मुकाट्याने केलं आणि जी निघाली ती थेट डोंगरावर. आरडाओरडा नाही, हिशेबाची घासाघीस नाही. बाई गेली ती गेलीच.

आता तिला भेटायला माणसं बारी गावातून वर निघतात. कातळात ठोकलेल्या लोखंडी शिड्या पावसाळ्यात इतक्या गार आणि बुळबुळीत असतात की गजावरची मूठ सोडवत नाही. रविवारी शिडीच्या तोंडाशी दादरच्या पुलासारखी गर्दी. माथ्यावर शेंदरी रंगाचं एवढंसं देऊळ, चार माणसं शिरली की भरलं. नवरात्रात मात्र जत्रा लोटते आणि गावोगावच्या बायाबापड्या या शिड्या चढून येतात.

एवढं चढून गेल्यावर कोणीतरी दम खात म्हणतोच, ‘हे आपलं महाराष्ट्राचं एव्हरेस्ट!’ कौतुकानेच म्हणतो, पण नको. अटीबाहेरचं काम सांगितलं म्हणून जिने पाटलाचं घर सोडलं, तिला साहेबाच्या दप्तरात नेऊन बसवू नका. नुसतं कळसूबाई म्हणा.