न बोलणारा लोकप्रतिनिधी

२०१८ साली वर्ध्यात एक निवडणूक झाली आणि तिच्यात एकाही उमेदवारानं भाषण केलं नाही. बहार नेचर फाउंडेशननं शहरपक्षी निवडायला मतदान घेतलं. नीलपंख निवडून आला. मनातून माझा कल पिंगळ्याकडे, पण घुबडाच्या गोतावळ्यातल्या पाखराची शिफारस घेऊन चार घरी फिरलो असतो तर दसऱ्याचं सोनंही कुणी दिलं नसतं. नीलपंखाचं मात्र दसऱ्याला दर्शन झालं तर शुभ! म्हणजे प्रचार पिढ्यान् पिढ्या आधीच झालेला. तारेवर बसलेला असताना मातकट, उडाला की निळाईचा झपाटा. आणि दिवसभर नाकतोडे टिपण्याचं काम बिनबोभाट चालू. इतका कार्यरत लोकप्रतिनिधी आमच्या वॉर्डात दुसरा नाही.

मी तज्ज्ञ नाही. पदवी वाणिज्य शाखेची, दुर्बीण हप्त्यावरची. सालिम अलींकडे तर विद्यापीठाची पदवीच नव्हती आणि त्यापायी त्यांची सरकारी नोकरी हुकली, हे मी घरी वरचेवर ऐकवतो. बायको म्हणते, "त्यांनी निदान पुस्तकं लिहिली. तुम्ही दुधाची पिशवी आणायला जाता अन् तासाभरानं तांबट पाहून रिकामे येता."

खरी गंमत पुढेच आहे. शहरातलं जनावर वाचवायचं तर जनावराशी कामच पडत नाही, सगळा वेळ माणसांत जातो. शेजारच्या काकूंना कडुनिंबाची फांदी तोडायची होती; तिच्या ढोलीत पिंगळा, आणि तो ओरडतो म्हणजे घरावर काहीतरी येणार. म्हटलं, काकू, तो उंदीर खातो. "खाते न? मग पाठवा त्याले माह्या सैपाकघरात," काकू म्हणाल्या. फांदी वाचली, पिंगळ्याच्या कामाचा हिशेब मात्र काकू अजून मलाच मागतात.

सापाचं प्रकरण याहून अवघड. "नाग निघाला जी, लवकर या!" असा फोन येतो. जावं तर नालीत बिनविषारी दिवड, काठावर काठ्या घेतलेली अर्धी गल्ली आणि फणा स्वतः पाहिलेले निदान चार साक्षीदार. अशा वेळी मी सेवाग्राम काढतो. १९३६ साली गांधीजी तिथे राहायला आले, तेव्हा साप भरपूर. मारायचे नाहीत, धरून लांब सोडायचे असा शिरस्ता. त्यासाठीचा लाकडी चिमटा आणि पिंजरा आश्रमात आजही पाहायला मिळतो. वर्ध्यात बापूंचं नाव निघालं की माणूस काठी टाकत नाही, पण पाठीमागे तरी नेतो. तेवढ्यात दिवडाला पोत्यात घालायचं.

परवा असंच सगळं जमून आलं होतं. गर्दीतले एक आजोबा पुढे झाले.

"बापू ते साप सोडत कुठं जी?"

"लांब, आजोबा. वस्तीबाहेर."

"म्हंजे आमच्याच वावरात!"