अनुक्रमांक सात: जुना हौद

छत्तीस वर्षं मी लेखापरीक्षणात काढली. दुसऱ्यानं लिहिलेलं तपासायचं आणि शेजारी लाल शाईनं बरोबरची खूण करायची, एवढंच मला येतं. म्हणून निवृत्तीनंतर हिंडायचं ठरवलं तेव्हा बॅगेच्या आधी वही घेतली. चार रकाने आखले: अनुक्रमांक, स्थळ, पाहिले किंवा न पाहिले, शेरा. गाइड घ्यायचा नाही हे पहिल्या पानावरच लिहिलं. एक तर त्याला पैसे द्यावे लागतात आणि दुसरं म्हणजे तो जे सांगतो त्याला व्हाउचर नसतं. आपलं आपण शोधायचं, आणि सगळे बघतात ते सोडून उरलेलं बघायचं. जवळचं, स्वस्त आणि आमच्या सकाळच्या कट्ट्यावरचं कुणीही न गेलेलं ऐतिहासिक शहर शोधता शोधता गुलबर्गा निघालं. २०१४ पासून त्याचं सरकारी नाव कलबुर्गी आहे. वहीत दोन्ही लिहिली.

सोलापूरच्या आत्यानं हे ऐकलं आणि ती बरोबर यायला निघाली. वय ७४, गुडघे दोन्ही नाराज, पण अट एकच.

"कडगंचीला नेणार असशील तर येते. नाहीतर तुझी थडगी तूच बघ की."

कडगंची हे कलबुर्गीहून आळंदला जाणाऱ्या रस्त्यावरचं गाव. (हे आळंद. ज्ञानेश्वरांची ती आळंदी. माझा गोंधळ झाला नव्हता, हे नमूद करतो.) नृसिंहसरस्वतींचे शिष्य सायंदेव इथले, आणि सायंदेवांपासून मोजत आलं तर पाचव्या पिढीतले सरस्वती गंगाधर, म्हणजे गुरुचरित्र लिहिणारे. आत्या दर दत्तजयंतीला गुरुचरित्राचा सप्ताह करते. त्या सात दिवसांत तिच्या घरी फोन केला तर ती उचलते आणि काहीच बोलत नाही.

माझी तयारी पक्की होती. कर्नाटकात कन्नडच बोलायचं, हिंदीचा आधार घ्यायचा नाही, असा नेम केला होता. 'तीस दिवसांत' छापाचं एक पुस्तक आणलं होतं आणि निघेपर्यंत चौथा दिवस संपवला होता. एल्ली म्हणजे कुठे. मुंदे म्हणजे पुढे. बावी म्हणजे विहीर. एवढ्या भांडवलावर लोकांनी साम्राज्यं उभी केली आहेत.

गाडीत समोर एक धोतरवाले गृहस्थ होते. मी सहज विचारलं, कडगंचीत देवळाशिवाय जुनं काही आहे का?

ते म्हणाले, "हौद."

"हौद? जुना?"

"हौद, हौद."

"बघण्यासारखा?"

"हौदरी!"

मी वही काढली. अनुक्रमांक सात: कडगंची, जुना हौद. शेरा: स्थानिक नाव बहुधा 'हौदरी'. कुठल्याही पुस्तकात नसलेलं, माहीतगार माणसाच्या तोंडून प्रत्यक्ष मिळालेलं स्थळ. आत्याला दाखवलं. तिनं चष्मा वर करून वाचलं, खिडकीबाहेर बघितलं आणि तोंडात बडीशेप टाकली.

कलबुर्गीचे दोन दिवस थोडक्यात सांगतो, कारण तिथे मी कशात पडलो नाही. बहमनी राज्याची ही पहिली राजधानी, १३४७ पासूनची. पुढे ती बिदरला गेली. किल्ल्यातली जामा मशीद १३६७ ची आहे, आणि मशिदीला अंगण असतं हे गृहीत धरून गेलेल्याला तिथे अंगण सापडत नाही, सगळ्यावर छप्पर. कडेच्या ठेंगण्या, रुंद कमानींखाली आत्याला उभं केलं तर ती एकदम लहान मुलीएवढी दिसायला लागली. वर बारा गजी तोफ आहे. आता बारा गज म्हणजे ३६ फूट. तोफेची लांबी २९ फूट सांगतात. सात फुटांचा हिशोब कुणीच विचारलेला नाही. (त्यांचा गज आखूड असेल, असं आत्या म्हणाली. आमच्या ऑफिसात अशी उत्तरं देणारे पुष्कळ होते.) हफ्त गुंबजमध्ये फिरोजशहा बहमनीची मोठी, जोडघुमटी कबर. सुफी संत बंदेनवाज दिल्लीहून आले ते याच्याच राज्यात, पुढे दोघांचं बिनसलं, आणि दोघंही १४२२ मध्येच गेले. दोन्ही खाती एकाच वर्षी बंद झाली, आणि आज गर्दी आहे ती बंदेनवाजांच्या दर्ग्यात. फिरोजशहाकडे मी, आत्या आणि एक शेळी. चोर गुंबदला शेळीही नव्हती. सगळे बघतात ते सोडून बाकीचं बघायचं म्हणजे काय, ते मला तिथे समजलं, पण वहीत टिकमार्क करताना आनंद झाला.

तिसऱ्या दिवशी कडगंची. या रस्त्याला केंद्रीय विद्यापीठ आहे, २००९ मध्ये निघालेलं, त्यामुळे बसमध्ये निम्मी पोरं कुठल्या कुठल्या राज्यांतली. ती उतरली आणि बसमध्ये एकदम ज्वारीच्या कडब्याचा वास आला. मार्चचा पहिला आठवडा होता आणि ऊन एप्रिलचं.

सायंदेवांचं घर होतं म्हणतात त्या जागेवर दत्ताचं देऊळ आहे. आत्या पादुकांपुढे वाकली ती बराच वेळ उठलीच नाही. मग मंडपात खांबाला टेकून बसली, पिशवीतून पोथी काढली आणि म्हणाली, "जा, तुझं ते बघून ये. मी इथंच हाय."

देवळाबाहेरच्या पानपट्टीवर मी सुरुवात केली. बोट रस्त्याकडे केलं, भुवया उंचावल्या.

"मुंदे हौद?"

त्यानं माझ्याकडे, मग रस्त्याकडे बघितलं. "हौद. मुंदे."

पहिल्याच प्रयत्नात! मी निघालो. घरं संपली. एक आजोबा बाभळीखाली बसले होते. "मुंदे हौद?" "हौद, हौद." मान डोलावली. आणखी पुढे शेळ्यांमागची एक बाई. "हौद?" तिनं जरा संशयानं, पण "हौद" म्हटलंच. एवढ्या एकमतानं आमच्या कॉलनीत कुणी पोस्टाचा पत्ताही सांगत नाही. गावाला आपल्या वारशाची किती जाण आहे, असं वाक्य मी मनात जुळवलं, कट्ट्यावर वापरायला.

अर्धा तास झाला. रस्त्याची पाऊलवाट झाली आणि पाऊलवाटेचं शेत. समोरून सायकलवर एक जण आला. माझा नेम मोडला. कळवळून विचारलं, "हिंदी?"

"हिंदे?" असं म्हणून त्यानं माझ्या मागे बोट केलं.

हौद मागे राहिला! मी वळलो आणि दोन-तीन शेतं मागे आलो. बाभळीखालचे आजोबा तिथेच होते. मी मागे बोट करून "हिंदे हौद?" म्हटलं, तर ते "हौद" म्हणाले. पुढे बोट करून "मुंदे हौद?" म्हटलं, तरीही "हौद"च. म्हणजे हौद दोन होते. एक साधा आणि एक हौदरी. सगळं वहीशी जुळत होतं.

पुढचा भाग तुरीचा. या जिल्ह्याची तूर मोठी नावाजलेली. २०१९ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. पण तूर कापल्यावर जमिनीत जे खुंट राहतात त्यांच्याबद्दल कुणी बोलत नाही. तिरपे कापलेले, वाळून खिळ्यासारखे झालेले, आणि काळ्या मातीला पडलेल्या भेगांत दडलेले. एक खुंट माझ्या सँडलच्या तळातून वर आला आणि मला म्हणाला, कसं काय साहेब. मी तिथंच बसलो. बसलो तर तिथेही खुंट होता.

लंगडत, शिव्या देत (मराठीत, चौथ्या दिवसापर्यंत शिव्या नव्हत्या) बांध ओलांडला आणि समोर हौद.

खरोखरचा. चौकोनी, कमरेएवढ्या कठड्याचा, काठोकाठ भरलेला. गिलावा सिमेंटचा दिसत होता, पण जीर्णोद्धार कुठे होत नाही? आतल्या बाजूला, पाण्याच्या जरा वर, काहीतरी कोरलेलं होतं. पहिला आकडा शेवाळाखाली. पुढचे तीन स्वच्छ. शून्य, एक, नऊ. माझं काळीज धडधडायला लागलं. १०१९! म्हणजे बहमनीसुद्धा नाहीत. कल्याणीचे चालुक्य! साल तपासल्याशिवाय टिकमार्क करायची मला सवय नाही. वही डाव्या हातात धरून मी कठड्यावर चढलो आणि उजव्या हातानं शेवाळ खरवडायला वाकलो.

पहिला आकडा दोन होता. हे मी वरून खाली जाताना वाचलं.

पाणी छातीपर्यंत आणि इतकं गार की तोंडून शब्दच फुटेना. बैल दचकले. मळ्यातल्या कोठ्यातून एक म्हातारा शेतकरी, त्याचा मुलगा आणि सून धावत आले, आणि तिघांनी मला ऊस उपटावा तसा उपटून बाहेर काढलं. मोबाइल गेला होता. त्याचं काही वाटलं नाही. वही उघडली, तर पानापानातून लाल शाई गळत होती. जामा मशीद, फिरोजशहा, बारा गजी तोफ, सगळ्यांच्या खुणा एकमेकांत मिसळून पान गुलाबी झालं होतं. पाहिले कोणते आणि न पाहिले कोणते, काही पुरावा उरला नाही.

"काका, काय हुडकत होता?" सून म्हणाली. माहेर उमरग्याकडचं. मला रडू यायचं बाकी होतं.

"जुना हौद."

"जुना? ह्यो आमच्या मामंजींनी बांधलाय की."

मामंजी अभिमानानं हसले. ही टाकी बोअरची होती. मी धीर करून विचारलं, आणि तो हौदरी? तिनं हे सासऱ्याला कन्नडमध्ये सांगितलं. ते माझ्याकडे इतका वेळ आणि इतक्या मायेनं बघत राहिले की मी मान खाली घातली. मग मला कोरडी लुंगी, म्हाताऱ्याचा सदरा आणि डोक्याला टॉवेल मिळाला. कडक भाकरी, शेंगाचटणी आणि कांदा मिळाला. पैसे द्यायला गेलो तर नोटाही ओल्या. म्हाताऱ्यानं त्या एकेक करून कठड्यावर वाळत घातल्या, वर खडे ठेवले, आणि वाळल्यावर मोजून परत दिल्या. आकडा बरोबर होता.

ट्रॅक्टरनं मला देवळाशी सोडलं. मी मंडपात शिरलो. आत्यानं चष्मा काढून ठेवला होता. तिनं डोळे बारीक करून माझ्या लुंगीकडे आणि टॉवेलकडे बघितलं आणि अगदी आदरानं म्हणाली, "यार्री? बर्री, कुंदरी."

मी बसलो नाही. "आत्या, तुला कन्नड येतं?"

आत्यानं चष्मा लावला. मला ओळखलं. आणि मग जी हसायला लागली ती पदराचा बोळा तोंडात कोंबूनही थांबेना. पुजारी बाहेर येऊन बघून गेले.

"अरे बाळ, हौद म्हणजे हो रे. हौदरी म्हणजे होय जी. त्या बिचाऱ्याला तुझं मराठी कळत नव्हतं, तो आपला हो म्हणत होता."

"मग गाडीत का नाही सांगितलंस?"

"तूच लिवलास की, गाइड घ्यायचा नाही म्हणून."

पुस्तकात पाचव्या दिवसाचा पहिलाच शब्द तो होता, हे घरी येऊन बघितलं.

"पण तुला कुठून येतं?"

"आईचं. म्हणजे तुझ्या आजीचं. आळंदची होती ती." आत्या पोथी बांधता बांधता बोलत होती. "लग्न होऊन आली तेव्हा मराठीचा एक शब्द येत नव्हता. तुझ्या आजोबांना घरात कानडी चालायचं नाही. ते बाहेर गेले की स्वैपाकघरात आम्ही दोघी बोलायचो. सप्ताहाला दादा वाचायचे, तेव्हा सहाव्या दिवशी ती हातातलं टाकून उंबऱ्याशी येऊन बसायची. का, सांग बघू?"

मी गप्प.

"त्या दिवशीचा अध्याय. सायंदेवांची पदं आहेत त्यात, कानडीतली. तेवढीच तिची."

ती पदं मी लहानपणी दर वर्षी ऐकलेली. मी त्यांना संस्कृत समजत होतो. आणि ज्यांनी ती पोथीत घातली त्या सरस्वती गंगाधरांनी आपल्याला मराठी येत नाही हे ग्रंथाच्या सुरुवातीलाच कबूल केलं आहे, हेही आत्यानंच सांगितलं. सात हजारांहून जास्त ओव्या, आणि भाषा येत नाही म्हणे. मला चार दिवसांत चाळीस शब्द आले तर मी पत्ते विचारत सुटलो होतो.

मंडपात बराच वेळ बसलो. सोलापूरच्या वाड्यात मागच्या अंगणात दगडी हौद होता. मी नऊ वर्षांचा असताना आजी शेवटच्या दुखण्यात पडली होती, आणि तिच्यापाशी बसायचं काम माझ्याकडे होतं. मी काहीबाही बडबडायचो, शाळेतलं, गोट्यांचं. मधेच ती डोळे मिटून म्हणायची, हौद. मी लगेच उठायचो, अंगणातल्या हौदावरून तांब्या भरून आणायचो आणि तिच्या तोंडाला लावायचो. दिवसातून पाच-सहा वेळा तरी. तिनं एकदाही नको म्हटलं नाही. दर वेळी प्यायली.

हे मी आत्याला सांगितलं. तिनं माझ्या डोक्यावरचा टॉवेल काढून केस पुसले. जोरातच पुसले.

आळंदकडे जाणारी बस पाचला आली. कर्नाटकात २०२३ पासून बायकांना साध्या बसमध्ये तिकीट नाही, फक्त त्या इथल्या रहिवासी पाहिजेत. आत्यानं कंडक्टरला अस्खलित कन्नडमध्ये सांगितलं की तिची आई आळंदची. कंडक्टरनं आधार कार्ड मागितलं. कार्डावर सोलापूर. आत्यानं आवाज चढवला. मागच्या बाकावरच्या दोन बाया आत्याच्या बाजूनं उभ्या राहिल्या. आपल्याकडे एसटीत पंच्याहत्तरीनंतर पूर्ण माफ आहे, आत्याला अजून सात महिने बाकी आहेत, म्हणजे ती दोन्ही राज्यांत अगदी थोडक्यात हुकत होती. शेवटी मी ओल्या पाकिटातून दोन पूर्ण तिकिटं काढली. पण भांडण तिथे थांबलं नाही. त्याच्या गप्पा झाल्या, कंडक्टर शेजारी येऊन टेकला आणि आळंद येईपर्यंत दोघं बोलतच होते. मधेच माझ्या लुंगीकडे बघून सगळी बस हसली.

"काय सांगत होता तो?" मी उतरताना विचारलं.

"तुला नाही सांगायचं," आत्या म्हणाली. "तू लिहून घेशील."