पोट आत, बाइट सुरू

२०१८च्या जुलैत वसई-विरार पाण्यात गेलं. नालासोपाऱ्याला रुळांवर पाणी चढून लोकल थांबल्या, मिठागरांत अडकलेल्यांसाठी बोटी निघाल्या आणि वसई पूर्वेच्या एव्हरशाईन सिटीत रस्ता कुठला नि गटार कुठलं, ते कळेना. पाठोपाठ वाहिन्यांचे कॅमेरे आले.

तोवर इथला रहिवासी हाफ पँट वर खोचून, दुधाच्या पिशव्या डोक्यावर धरून, मराठी-हिंदी-गुजराती मिसळीत यथेच्छ शिव्या घालत चालला होता. समोर माईक आला मात्र, पोट आत गेलं, केसांवरून हात फिरला आणि तोंडातून निघालं, ‘प्रशासनाने याची गांभीर्याने दखल घ्यावी.’ जन्मात कुणी घरी असं बोलत नाही. ‘पोळी करपल्याची गांभीर्याने दखल घ्यावी’ असं बायकोला म्हटलं, तर कोणाची दखल घेतली जाईल हे त्यालाही ठाऊक असतं! मागची पोरं मात्र दोन बोटं नाचवत हसणारच. त्यामुळे पडद्यावर आपत्ती पुढे आणि जत्रा मागे.

बातमीदार तरी कुठे वेगळा? शेजारी कोरडा फुटपाथ असला तरी तो गुडघाभर पाणी हुडकून त्यातच उभा राहणार. २००५ साली न्यू जर्सीतल्या पुराची बातमी देताना एनबीसीच्या मिशेल कोसिन्स्की थेट होडीत बसल्या. त्या वल्ही मारत बोलत असतानाच कॅमेऱ्यापुढून दोन माणसं चालत गेली. पाणी त्यांच्या घोट्यापर्यंत.

मराठी घराला कॅमेऱ्यापुढचं हे नाटक नवं नाही. २००४ पासून आदेश बांदेकर ‘होम मिनिस्टर’ हा टीव्हीवरचा खेळ घेऊन दारोदार फिरले नि बक्षिसाच्या पैठणीपायी अख्खे संसार हसतमुख झाले. ज्याला स्वतःच्या घरात साखरेचा डबा सापडत नाही, तो नवरा उखाण्यावर लाजू लागला. सासूबाई म्हणाल्या, ‘सून नाही, लेकच आहे माझी’. आणि हे आपण पहिल्यांदाच ऐकतोय, असं चेहऱ्यावर दिसू न देण्याची सुनेने शर्थ केली. पैठणी खरं तर त्यासाठीच द्यावी.

त्या जुलैत एव्हरशाईनकरांची मात्र पंचाईत झाली. वसईच्या वीज उपकेंद्रात पाणी शिरल्याने दिवेच गेले. बाइट दिलेला माणूस स्वतःला पाहणार कशावर? शेवटी, चार्जिंग संपत आलेल्या मोबाईलवर एखाद्या गावाकडच्या मावशीचा फोन यायचा : ‘दिसलास हो टीव्हीवर! छान बोललास. पण काय रे, मागे छत्री धरून उभी होती, ती कोण?’