महालाचे अपडेट सुरू आहे

तंजावूरच्या राजवाड्यातला संगीत महाल ध्वनीचा विचार करूनच बांधला आहे. गाणं शेवटच्या बैठकीपर्यंत नीट पोचवायचं काम भिंती आणि छत आपापसांत उरकतात. त्यासाठी त्यांनी आजवर कुणाकडे वायफायचा पासवर्ड मागितलेला नाही. हाच महाल आजच्या होम थिएटरवाल्यांनी बांधला असता, तर सरफोजीराजांच्या ऐन मैफलीत चोपदार ललकारला असता, ‘महालाचे अपडेट सुरू आहे, मशाली विझवू नयेत! मध्येच अंधार झाल्यास कारखानदार जबाबदार नाही!’ होम थिएटरमधल्या रिसीव्हरची, म्हणजे चित्र टीव्हीकडे आणि आवाज स्पीकरांकडे धाडणाऱ्या यंत्राची, कथा हीच. फर्मवेअर म्हणजे यंत्राच्या पोटातली आज्ञावली. ती नव्याने लिहिली जात असताना वीज गेली, तर महागडं धूड टीव्हीखाली शोभेपुरतं उरू शकतं. वीज जाणारच नाही, हे गृहीत धरणारा माणूस आपल्याकडचा नसावा.

यावर म्हणतील, तंत्र बदलतं, नव्या सोयी फुकट मिळतात, नेटला जोडलेल्या यंत्राची भोकंही बुजवावी लागतात. मग कुरकुर कसली? कबूल. पण नवं काही मिळणं वेगळं आणि विकताना कबूल केलेलं मागाहून मिळणं वेगळं. 2020 मध्ये डेनॉन, मॅरान्ट्झ, यामाहा यांच्या नव्या रिसीव्हरांवर एचडीएमआय 2.1 या नव्या जोडणीचं नाव मिरवत होतं. एक्सबॉक्स सिरीज एक्स या गेमच्या यंत्राचं 4के, 120 हर्ट्झचं चित्र त्यातून पाठवलं की टीव्ही काळाठिक्कर. खोट चिपमध्येच असल्याने फर्मवेअरनेही हात टेकले. शेवटी कुणी जोडायला वेगळी डबी दिली, कुणी आतला बोर्ड बदलून द्यायचं मान्य केलं.

‘अहो, तुमच्या तंजावुरी वीणेलाही डागडुजी लागतेच की!’ लागते ना. पूर्वी रागाप्रमाणे पडदे सरकवावे लागत. सतराव्या शतकात तंजावूरचा राजा रघुनाथ नायक याच्या काळात 24 पडदे कायमचे बसले, असं मानतात. हे खरं अपडेट! पितळी पडदे काळ्या मेणात रोवलेले असतात. वर्षानुवर्षांत मेण हलतं, सूर ढळतो, मग कारागीर मेण नव्याने घालून कानाने एकेक पडदा बसवतो. पण ती वेळ वादक ठरवतो, आणि काम झाल्यावर वीणा ‘तोडी राग आता उपलब्ध नाही’ असं सांगत नाही. रिसीव्हर मात्र कधी कधी अपडेटनंतर स्पीकरांची बसवलेली मापंच विसरतो.

तेव्हा दिवाळीत खरेदीला जाल, तर खोक्यावर छापलेल्यातलं आज काय काय चालतं, ते दुकानदाराला दाखवायला लावा. ‘ते पुढच्या अपडेटमध्ये येईल’ म्हणाला, तर तेवढे पैसेही पुढच्या अपडेटमध्येच द्या.