कुलजीत इस्रायलात कसा पोचला

कुवेतच्या बनेद अल-गारमधल्या एका फ्लॅटमध्ये तिघे राहतात: अलिबागकर, नागपूरकर आणि कोल्हापूरकर. चौथा नोकरी सोडून गावी गेला तेव्हा मागे लोणच्याची बरणी आणि एक जुनी हार्ड डिस्क ठेवून गेला. बरणीचा निकाल लगेच लागला. डिस्क मात्र सुट्टीची वाट पाहत पडून राहिली. इथे 2007 पासून शुक्रवार-शनिवार सुट्टी असते. शुक्रवार झोपेत जातो, संशोधन शनिवारी होतं.

डिस्कवर एक सिनेमा होता. त्याच्या नावात आधी लाट पांघरलेला एन, मग डोक्यावर शून्य घेतलेला ए, मग तिरकी टोपी घातलेला ओ, आणि मागे अशाच नटव्या अक्षरांची वरात. नागपूरकर म्हणाला, ‘‘स्पॅनिश आहे बे.’’ कोल्हापूरकराने स्वीडन लावून धरलं. एकेका अक्षरापुरतं दोघांचंही बरोबर होतं. सिनेमा लावला तर त्यातली माणसं कधी फ्रेंच बोलत, कधी इंग्रजी, आणि मधूनच घशाच्या तळातून काहीतरी खरवडून काढत. ‘‘अरबी!’’ यावर एकमत झालं. खालच्या मजल्यावरच्या इजिप्शियन अकाउंटंटला चहाला बोलावलं. त्याने थोडं ऐकलं, ‘‘अरबी नाही,’’ एवढंच सांगितलं आणि चहा अर्धा टाकून निघून गेला.

त्याची घाई समजण्यासारखी होती. इस्रायलशी व्यवहाराला कुवेतमध्ये 1964 च्या कायद्याने बंदी आहे. ‘डेथ ऑन द नाइल’ हा अॅगाथा ख्रिस्तीच्या कादंबरीवरचा इंग्रजी सिनेमा. पण गॅल गॅडॉट ही इस्रायली नटी त्यात असल्याने 2022 मध्ये तो इथे लागलाच नाही. इथे तर सगळा सिनेमाच हिब्रू निघायची लक्षणं!

तेवढ्यात नागपूरकर ओरडला, ‘‘अबे, हा तर कुलजीत!’’

पडद्यावर खरोखरच परमीत सेठी होता. ‘दिलवाले दुल्हनिया ले जायेंगे’मध्ये सिमरनशी लग्न ठरलेला तोच. इथे तो वाळवंटातल्या एका गावात बापाच्या भूमिकेत होता. कोल्हापूरकराचा त्याच्यावर शेवटपर्यंत विश्वास बसला नाही.

नावाचा उलगडा अलिबागकराने केला. पूर्वी तो डीटीपीच्या दुकानात होता. श्री-लिपीत टाइप केलेली लग्नपत्रिका फॉन्ट नसलेल्या कॉम्प्युटरवर उघडली की वधूवरांचं जे होतं, तेच इथे झालं होतं. हिब्रूच्या जुन्या विंडोज कोडमध्ये 241 या आकड्यावर सामेख हे अक्षर असतं. पश्चिम युरोपच्या कोडमध्ये त्याच आकड्यावर लाटवाला एन. वाव 229 वर, तिथे शून्यवाला ए. आकडे तेच, वाचणारा कॉम्प्युटर परका. त्याने एकेक टोपी उतरवली, खाली हिब्रू अक्षरं मांडली आणि परमीत सेठीच्या सिनेमांच्या यादीशी ताडून पाहिली. ‘सोफ हाओलाम स्मोला’, दिग्दर्शक आवी नेशेर, 2004. म्हणजे जगाच्या टोकाला पोचलात की डावीकडे वळा. बनेद अल-गारचा पत्ताही साधारण असाच सांगावा लागतो. त्याचं स्पेलिंग कुठे क्यूने, कुठे जीने, त्यामुळे जेवण घेऊन येणारा पोरगा शेवटी फोनच करतो.

गोष्ट साठच्या दशकाच्या अखेरीची. नेगेवच्या वाळवंटात बाटल्यांचा कारखाना, शेजारी मोरोक्कोहून आलेले ज्यू (फ्रेंचचं कोडं इथे सुटलं), आणि भारतातून आलेलं ज्यू कुटुंब. आडनाव तालकर.

‘कर’ ऐकताच अलिबागकर ताठ बसला. रोहेकर, पेणकर, नवगावकर ही बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या ज्यूंची, आडनावं त्याच्याच जिल्ह्यातल्या गावांवरून पडलेली. तेलाचे घाणे चालवणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून कोकणात त्यांना शनवार तेली म्हणत. इस्रायलला गेल्यावरही त्यांनी ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिक चालवलं. सिनेमात क्रिकेटही आहे, हे कळल्यावर कोल्हापूरकरानेही खुर्ची पुढे ओढली.

डिस्कवर आणखी एक फाइल आहे. तिच्या नावात नुसती प्रश्नचिन्हं. नागपूरकराने अलिबागकराकडे आशेने पाहिलं. अलिबागकराने मान हलवली: टोप्या घातलेली अक्षरं परत आणता येतात, प्रश्नचिन्ह झालं की मूळचा आकडाच पुसला गेलेला असतो.

‘‘मग लावूनच बघू,’’ नागपूरकर म्हणाला. ‘‘कोणी ना कोणी ओळखीचं निघेल बे.’’